लिंबूवर्गीय स्वादाचे गोठवलेले दही

लिंबूवर्गीय स्वादाचे गोठवलेले दही हा दह्याचा चक्का, साखर आणि मोसंबी, संत्रे, लिंबू यांसारख्या फळांचा रस व साल यांपासून तयार होणारा गोड-आंबट गोठीव पदार्थ आहे. बाजारात तो 'फ्रोझन योगर्ट' या नावाने ओळखला जातो. दही, चक्का आणि लिंबूवर्गीय फळे या तिन्ही गोष्टी मराठवाड्यातील स्वयंपाकघराला परिचित असल्यामुळे लातूर जिल्ह्यातील औशासारख्या गावात हा पदार्थ घरच्या घरी करण्यासाठी बाहेरून फारसे काही आणावे लागत नाही. बर्फ, वीज आणि पाणी यांची उपलब्धता मात्र गृहीत धरता येत नाही. म्हणून कृतीइतकाच गोठवण्याच्या पद्धतीचा विचारही महत्त्वाचा ठरतो.

नाव आणि स्वरूप

या पदार्थासाठी मराठीत एकच सर्वमान्य शब्द अद्याप रूढ झालेला नाही. 'गोठवलेले दही', 'दह्याचे आइस्क्रीम' आणि 'फ्रोझन योगर्ट' हे तिन्ही शब्दप्रयोग आढळतात. त्यांपैकी पहिला अर्थाने सर्वांत नेमका असला तरी थोडा फसवा आहे, कारण साधे दही नुसते फ्रीझरमध्ये ठेवल्यास हा पदार्थ तयार होत नाही. दह्यात ८५ टक्क्यांहून अधिक पाणी असते. त्याचे मोठे, कडक स्फटिक बनतात आणि दह्याचा घट्ट भाग त्यांच्यामध्ये दाणेदार चोथ्यासारखा अडकून राहतो. वितळल्यावर पाणी एकीकडे व चोथा दुसरीकडे होतो. पाणी कमी करणे, साखरेचे प्रमाण साधणे आणि गोठत असताना मिश्रण हलवत राहणे या तीन क्रियांमुळेच त्याला मऊ पोत येतो.

आइस्क्रीमपेक्षा यात स्निग्धांश कमी असतो आणि दह्याचा आंबटपणा ही त्याची ओळख असते. बाजारात 'फ्रोझन डेझर्ट' असे वेष्टनावर लिहिलेले पदार्थ मिळतात. त्यांत दुधाच्या स्निग्धांशाऐवजी वनस्पतिजन्य तेल वा तूप वापरलेले असते. नावातील साम्यामुळे दोहोंत गल्लत होते, परंतु ते सर्वस्वी वेगळे पदार्थ आहेत.

महाराष्ट्रात या पदार्थाचे सर्वांत जवळचे नातलग म्हणजे श्रीखंड होय. श्रीखंडाचा डबा फ्रीझरमध्ये ठेवला तरी दगडासारखा होत नाही, हा घरोघरचा अनुभव आहे. श्रीखंडात साखर ४० टक्क्यांच्या आसपास असते आणि इतक्या साखरेत पाणी सहजासहजी गोठत नाही. गोठवलेल्या दह्यात त्याच्या साधारण निम्मी साखर घालतात. त्यामुळे ते श्रीखंडापेक्षा घट्ट गोठते आणि श्रीखंडाइतके जड वाटत नाही.

पूर्वपीठिका

फडक्यातून गाळून पाणी काढलेल्या दह्यात साखर व सुगंधी द्रव्ये मिसळण्याची परंपरा दक्षिण भारतात जुनी आहे. कल्याणीच्या चालुक्य घराण्यातील राजा तिसरा सोमेश्वर याच्या नावावर असलेल्या 'मानसोल्लास' या १२व्या शतकातील संस्कृत ग्रंथात 'शिखरिणी' या पदार्थाचा उल्लेख येतो. ही कल्याणी म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याण. लातूर जिल्ह्याच्या सीमेला लागून असलेल्या बीदर जिल्ह्यात ते आहे. म्हणजे श्रीखंडाच्या पूर्वजाची ही नोंद औशापासून फार दूरची नाही.

थंड करण्याच्या तंत्राचा इतिहास वेगळ्या वाटेने येतो. अबुल फजलच्या 'आईन-ए-अकबरी'मध्ये सोऱ्याच्या साहाय्याने पाणी गार करण्याची रीत आणि हिमालयातून बर्फ आणण्याची व्यवस्था यांचे वर्णन आहे. मुंबईत समुद्रमार्गे अमेरिकेतून बर्फ येऊ लागला तो १८३४ मध्ये. त्याच सुमारास जमशेटजी जीजीभाई यांच्याकडील मेजवानीत आइस्क्रीम वाढले गेल्याची हकिकत प्रसिद्ध आहे. हाताने फिरवायच्या आइस्क्रीमच्या यंत्राचे एकस्व अमेरिकेतील नॅन्सी जॉन्सन या महिलेला १८४३ मध्ये मिळाले. महाराष्ट्रात 'पॉट' या नावाने परिचित असलेले लाकडी बादलीचे यंत्र याच रचनेचे आहे. लग्नकार्यात आणि उन्हाळ्याच्या सुटीत पॉट भाड्याने आणून आइस्क्रीम करण्याची पद्धत अनेक मराठी घरांत होती. दांडा फिरवण्यासाठी मुलांची रांग लागे आणि शेवटी दांडा जड झाला की तो मोठ्या माणसांच्या हाती जाई.

दही गोठवून विकण्याचा आधुनिक व्यवसाय अमेरिकेत १९७०च्या दशकात सुरू झाला. न्यू इंग्लंड भागातील एच. पी. हूड या दुग्धव्यवसाय कंपनीने तो 'फ्रोगर्ट' या नावाने बाजारात आणला. १९८१ मध्ये आर्कान्सा राज्यातील लिटल रॉक येथे 'टीसीबीवाय' या दुकानमालिकेचा प्रारंभ झाला आणि पुढील दशकभरात हा पदार्थ जगभर पसरला. भारतातील मोठ्या शहरांत तो त्यानंतर पुष्कळ वर्षांनी आला. तालुक्याच्या गावांत त्याची दुकाने आजही विरळाच. घरी करून पाहणे हाच तेथे त्याच्या परिचयाचा मुख्य मार्ग आहे.

औसा परिसरातील दूध आणि फळे

औसा हे लातूरपासून सुमारे २० किलोमीटर अंतरावरील तालुक्याचे गाव असून तेथील बहामनीकालीन भुईकोट किल्ला प्रसिद्ध आहे. उन्हाळ्यात येथील तापमान ४० अंश सेल्सिअसच्या घरात असते. लातूर व नांदेड हे दोन्ही जिल्हे गोवंशासाठी नावाजलेले आहेत. देवणी ही जात लातूर जिल्ह्यातील देवणी या तालुक्याच्या नावाने, तर लाल कंधारी ही नांदेड जिल्ह्यातील कंधारच्या नावाने ओळखली जाते. मराठवाडी म्हैस ही या प्रदेशाची स्वतंत्र जात आहे. चक्क्यासाठी म्हशीचे दूध अधिक सोयीचे. त्यातील स्निग्धांश साधारणतः ७ टक्क्यांच्या आसपास असतो, तर देशी गायीच्या दुधात तो ४ ते ४.५ टक्के इतका आढळतो. गायीच्या दुधाचा चक्का कमी उतरतो आणि गोठल्यावर किंचित कोरडा लागतो. मात्र फळाचा स्वाद त्यात अधिक स्पष्ट उठून येतो, असे करणाऱ्यांचे मत असते.

मोसंबी हे मराठवाड्याचे स्वतःचे फळ म्हणता येईल. जालना आणि छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यांत तिच्या बागा मोठ्या प्रमाणावर असून जालन्याच्या मोसंबीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. नागपुरी संत्र्याला ते २०१४ मध्येच मिळाले होते. कागदी लिंबाच्या 'प्रमालिनी' आणि 'विक्रम' या झुपक्याने फळे देणाऱ्या निवडी परभणी येथील कृषी विद्यापीठाने दिल्या आहेत. लिंबू मात्र बाजारातून आणावेच लागते असे नाही, कारण मराठवाड्यात विहिरीजवळ किंवा परसात लिंबाचे एखादे झाड असतेच.

या बागांना पाणी वर्षभर लागते आणि हीच त्यांची दुखरी बाजू आहे. २०१२-१३च्या दुष्काळात जालना परिसरातील मोसंबीच्या बागा मोठ्या प्रमाणावर वाळल्या. अनेक शेतकऱ्यांनी टँकरच्या पाण्यावर झाडे जगवण्याची धडपड केली, तर काहींना उभ्या बागा तोडाव्या लागल्या. सोयाबीन एका हंगामात गेले तर पुढच्या हंगामात पुन्हा पेरता येते. मोसंबीचे झाड गेले तर नवे झाड फळावर येण्यास पाच-सहा वर्षे लागतात. बाजारात मोसंबीचा भाव एखाद्या वर्षी एकाएकी का चढतो, याचे उत्तर पुष्कळदा चार वर्षांपूर्वीच्या पावसात सापडते.

हंगामाचा प्रश्नही लक्षात घेण्यासारखा आहे. मोसंबीच्या आंबे बहाराची फळे पावसाळ्याच्या अखेरीपासून दिवाळीपर्यंत येतात आणि मृग बहाराची फळे साधारण फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये. संत्र्याचे चक्रही बरेचसे असेच आहे. म्हणजे मे महिन्याच्या ऐन उन्हाळ्यात, गारव्याची ओढ सर्वाधिक असते तेव्हा ही फळे संपत आलेली किंवा महाग असतात. लिंबाचा हस्त बहार एप्रिल-मे मध्ये हाती येतो, पण मागणीही तेव्हाच उसळत असल्याने लिंबाचे भाव त्याच काळात सर्वाधिक असतात. यावर एक साधा उपाय आहे. मार्चमध्ये फळे स्वस्त असताना त्यांच्या सालीचा किस साखरेत घोळवून घट्ट झाकणाच्या डब्यात भरून फ्रीझरमध्ये ठेवला, तर तो दोन महिने सहज टिकतो. रसाच्या बाबतीत असे करता येत नाही. त्याचे कारण पुढे दिले आहे.

दही आणि चक्का

विरजण लावण्याची रीत सर्वपरिचित आहे, परंतु या पदार्थासाठी दह्याचा आंबटपणा नियंत्रणात ठेवावा लागतो. घरच्या विरजणात अनेक प्रकारच्या लॅक्टिक आम्ल तयार करणाऱ्या जिवाणूंचे मिश्रण असते. हवा गरम असली की ते वेगाने वाढतात. हिवाळ्यात रात्रभर लागणारे दही मे महिन्यात चार-पाच तासांत लागते आणि तसेच बाहेर राहिले तर संध्याकाळपर्यंत आंबट होते. म्हणून उन्हाळ्यात दूध कोमट होईपर्यंत निवू द्यावे, विरजण नेहमीपेक्षा कमी घ्यावे आणि दही लागताच ते फ्रिजमध्ये ठेवावे. आंबट दह्यात मोसंबीचा सौम्य स्वाद पूर्णपणे हरवतो. लिंबाचा आंबटपणा वाढवता येतो, दह्याचा कमी करता येत नाही.

पातळ मलमलीचे किंवा जुन्या धोतराचे स्वच्छ फडके ओले करून त्यात दही ओततात आणि पुरचुंडी बांधून टांगतात. पूर्वी ती स्वयंपाकघरातील खुंटीला टांगली जाई. चाळीस अंशांच्या उन्हाळ्यात मात्र उघड्यावर टांगलेला चक्का आंबतो. त्याऐवजी चाळणीत पुरचुंडी ठेवून, खाली पातेले व वर एखादे वजन ठेवून ती फ्रिजमध्ये पाच ते सहा तास ठेवणे चांगले. श्रीखंडासाठी लागतो तितका कोरडा चक्का येथे नको. बोट लावल्यास आकार टिकावा पण भेग पडू नये, इतपत मऊ तो असावा.

फडक्याखाली जमणारी निवळी फेकून देणे हा निव्वळ अपव्यय होय. सव्वा लिटर दुधाच्या दह्यातून अर्धा लिटरहून अधिक निवळी निघते. मराठवाड्यात धपाट्यांचे पीठ भिजवण्यासाठी तिच्याइतके योग्य दुसरे काही नाही. कढीतही ती चालते.

भांडे स्टीलचे, काचेचे किंवा चिनी मातीचे असावे. कल्हई नसलेल्या पितळी वा तांब्याच्या भांड्यात दही कळकते, हे जुन्या पिढीतील प्रत्येक गृहिणीला ठाऊक असते. येथे दह्याच्या आम्लाला लिंबाच्या आम्लाची जोड मिळत असल्याने हा नियम अधिकच कसोशीने पाळावा लागतो. ॲल्युमिनियमचे भांडेही टाळावे.

रस, साल आणि कडवटपणा

दुधात लिंबू पिळले की ते फाटते. दह्यात पिळल्यास तसे होत नाही. दुधातील केसीन हे प्रथिन आम्लामुळे एकत्र येऊन गोठते आणि दही होताना ही क्रिया आधीच घडून गेलेली असते. त्यामुळे लिंबूवर्गीय फळांचे आइस्क्रीम दुधापासून करणे अवघड, तर दह्यापासून करणे सोपे ठरते. या पदार्थात दह्याला खरा अर्थ आहे तो येथे.

नवख्या व्यक्तीकडून बहुधा होणारी चूक म्हणजे भरपूर रस घालणे. मोसंबीचा रस जवळजवळ ९० टक्के पाणीच असतो. टांगून काढलेले पाणी रसाच्या रूपाने परत घातले तर चक्का करण्याचे श्रम वाया जातात आणि पदार्थ बर्फाळ होतो. रस आटवून घेण्याचा मोह होतो, पण आटवताना ताजा सुगंध उडून जातो आणि कडवटपणा वाढतो.

हा कडवटपणा मोसंबीच्या बाबतीत विशेष त्रासदायक आहे. ताजा काढलेला रस गोड लागतो आणि काही तासांनी तोच कडू लागतो. फळाच्या पेशींत एक चवहीन पूर्वद्रव्य असते. रस काढताना ते आम्लाच्या संपर्कात येते आणि हळूहळू 'लिमोनिन' या कडू द्रव्यात रूपांतरित होते. उष्णतेने ही क्रिया जलद होते. बिया, फोडींवरील पापुद्रे आणि सालीखालील पांढरा भाग यांत ही द्रव्ये अधिक असतात. म्हणून रस मिक्सरमध्ये काढू नये, कारण बिया फुटल्या की कडूपणा रसात उतरतो. फळ आडवे कापून हाताने किंवा रसपात्रावर हलकेच पिळावे, लगेच गाळावे आणि अर्ध्या तासाच्या आत चक्क्यात मिसळून गार करावे. रस काढून साठवणे मोसंबीला मानवत नाही.

स्वादाचा खरा साठा रसात नसून सालीत असतो. सालीच्या रंगीत भागातील सूक्ष्म पिशव्यांमध्ये सुगंधी तेल असते. संत्र्याची साल दिव्याजवळ मुडपली असता ज्योत तडतडते ती याच तेलामुळे. बारीक किसणीवर केवळ वरचा रंगीत थर किसून घ्यावा आणि पांढरा भाग दिसू लागताच थांबावे. किस साखरेत घालून बोटांनी चोळला की साखर ओलसर होते व तेल शोषून घेते. हा साधा टप्पा बहुतेक छापील कृतींत गाळलेला असतो आणि त्यामुळेच त्या कृतींनी केलेला पदार्थ फिका लागतो. थंड पदार्थात जिभेला चव कमी जाणवते, हे त्याचे आणखी एक कारण आहे. खोलीच्या तापमानाला मिश्रण थोडे जास्त गोड व जास्त सुगंधी वाटले, तरच गोठल्यावर ते बेताचे लागते.

साल वापरायची असल्याने फळे कोमट पाण्यात मीठ घालून चोळून धुणे आवश्यक आहे. चकाकणाऱ्या फळांवर मेणाचा थर असण्याची शक्यता असते. बांधावरच्या झाडाचे खरखरीत, डागाळलेले लिंबू या कामासाठी अधिक बरे.

प्रमाण व कृती

सहा ते आठ जणांसाठी म्हशीच्या सव्वा लिटर दुधाच्या दह्याचा सुमारे ५०० ग्रॅम चक्का लागतो. त्याला १५० ग्रॅम साखर, दोन मोसंब्या व एका संत्र्याच्या सालीचा किस, १०० मिलिलिटर मोसंबी किंवा संत्र्याचा ताजा रस, एका कागदी लिंबाचा रस, दोन मोठे चमचे दुधाची भुकटी आणि चिमूटभर मीठ असे प्रमाण ठीक बसते. यात वरून घातलेली साखर एकूण मिश्रणाच्या १९ टक्क्यांच्या जवळपास येते. १८ ते २२ टक्के ही मर्यादा पाळावी. त्याखाली पदार्थ कडक होतो, त्यावर तो नीट गोठत नाही.

साखरेपैकी ३० ग्रॅम काढून त्याऐवजी तितकीच ग्लुकोज पावडर घातल्यास पोत अधिक मऊ राहतो. सारख्या वजनात ग्लुकोजचे रेणू साखरेच्या जवळजवळ दुप्पट असतात आणि पाण्याचा गोठणबिंदू विरघळलेल्या रेणूंच्या संख्येनुसार खाली येतो. शिवाय ग्लुकोजची गोडी साखरेपेक्षा कमी असल्याने पदार्थ अधिक गोडही होत नाही. दुधाची भुकटी मोकळे पाणी धरून ठेवते. जिलेटिन प्राणिजन्य असल्यामुळे अनेक घरांत वर्ज्य असते आणि भुकटी घातल्यास त्याची गरजही भासत नाही.

किस चोळलेली साखर अर्धा तास झाकून ठेवावी. नंतर तीत रस घालून, न तापवता, साखर पूर्ण विरघळेपर्यंत ढवळावे व पाक गाळून घ्यावा. किसाचे कण तोंडात आलेले आवडत असतील तर गाळण्याची आवश्यकता नाही. चक्का पुरणयंत्रातून किंवा बारीक चाळणीतून घासून घ्यावा. त्यात भुकटी मिसळावी आणि पाक थोडा थोडा घालत रवीने किंवा डावाने एकजीव करावे. मिक्सर लावायचाच असल्यास क्षणभरच लावावा, कारण म्हशीच्या दह्यातून लोणी सुटू लागते आणि मग गोठल्यावर टाळूला तुपकट थर चिकटतो. मिश्रण गोठवण्यापूर्वी किमान चार तास फ्रिजमध्ये ठेवावे. गार मिश्रण लवकर गोठते आणि जितके लवकर गोठेल तितके बर्फाचे स्फटिक लहान राहतात.

केशर व वेलची श्रीखंडाच्या सवयीने घातली जाते, परंतु सालीच्या सुगंधापुढे दोन्ही उपरी वाटतात. केवळ लिंबाचे करायचे असल्यास रस तीन लिंबांचा व साखर १७० ग्रॅम घ्यावी. ईडलिंबू आणि पपनस यांचेही चांगले होते. पपनसात मूळचाच कडवटपणा असल्याने त्याचा रस थोडा आणि सोललेल्या पाकळ्या अधिक घ्याव्यात.

गोठवण्याच्या पद्धती

पॉटमध्ये गोठवलेल्या दह्याचा पोत सर्वांत उत्तम असतो, याबद्दल दुमत आढळत नाही. डब्याभोवती बर्फाचे तुकडे व जाडे मीठ यांचे थर देतात. चार किलो बर्फाला एक किलो मीठ हे प्रमाण पुरेसे होते. मीठ मिसळताच बर्फ शून्य अंशाखालील तापमानालाही वितळू लागतो आणि वितळण्यासाठी लागणारी उष्णता डब्यातील मिश्रणातून ओढून घेतो. बर्फ व मीठ यांच्या मिश्रणाचे तापमान तत्त्वतः उणे २१ अंश सेल्सिअसपर्यंत उतरू शकते. दांडा फिरवल्याने कडेला जमणारे स्फटिक सतत खरवडले जातात आणि मिश्रणात थोडी हवा मिसळते. वीस ते तीस मिनिटांत दांडा जड होतो. झाकणाच्या कडेने खारे पाणी आत शिरणे हा या पद्धतीतील नेहमीचा अपघात असल्याने डबा काठोकाठ भरू नये आणि झाकण उघडण्यापूर्वी ते पुसून घ्यावे.

बर्फाच्या कारखान्यातील लादीबद्दल सावधगिरी आवश्यक आहे. मासे, दूध व इतर माल थंड ठेवण्यासाठी तयार होणारा बर्फ पिण्यायोग्य पाण्याचा असेलच असे नाही. असा अखाद्य बर्फ सरबत आणि उसाच्या रसात सर्रास वापरला जात असल्याने महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने २०१८ मध्ये त्यात निळा रंग मिसळणे बंधनकारक केले. पॉटच्या बाहेरच्या बादलीत निळसर बर्फ चालतो. त्याचा एक तुकडाही मिश्रणात पडता कामा नये, आणि तो हाताळलेले हात धुतल्याशिवाय डब्याला लावू नयेत.

पॉट नसल्यास फ्रिजचा फ्रीझर वापरावा. मिश्रण पसरट स्टीलच्या डब्यात दोन-अडीच सेंटिमीटर जाडीने ओतावे. पाऊण तासाने कडा गोठू लागतात, तेव्हा काट्याने कडेचा भाग मध्याकडे ओढून घोटावे. पुढे दर अर्ध्या तासाने तीन-चार वेळा असेच करावे. दुसरी रीत अधिक सोपी आहे: मिश्रण बर्फाच्या साच्यांत पूर्ण गोठवून त्या वड्या मिक्सरमध्ये थोड्या थोड्या फिरवायच्या आणि पुन्हा तासभर फ्रीझरमध्ये ठेवायच्या. गोठलेल्या अवस्थेत लोणी सुटण्याची भीती फारशी राहत नाही. एकदरवाजी फ्रिजचा बर्फाचा कप्पा उणे १८ अंशांपर्यंत पोहोचत नाही. त्यात हा पदार्थ मऊ राहतो व त्याच दिवशी संपवावा लागतो.

पाणी आणि वीज

लातूरच्या पाणीटंचाईची नोंद देशाने घेतली ती एप्रिल २०१६ मध्ये, मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आणावे लागले तेव्हा. त्या रेल्वेगाडीला 'जलदूत' हे नाव मिळाले होते. अशा वर्षी चार-पाच किलो बर्फ आणि किलोभर मीठ वापरून शेवटी खारे पाणी ओतून देणारी पॉटची पद्धत उधळपट्टीची ठरते. शिवाय ते पाणी झाडांनाही घालता येत नाही, कारण मिठाने माती बिघडते. फ्रीझरच्या पद्धतीत पाणी लागत नाही, वीज लागते.

विजेचा भरवसा ग्रामीण भागात मर्यादित आहे. पुरवठा खंडित होण्याच्या वेळा ठाऊक असतील तर वीज आल्यावर मिश्रण आत ठेवावे. पूर्ण गोठलेला डबा, फ्रीझर न उघडता, दोन-तीन तासांचा खंड सहन करतो. अर्धवट गोठलेले मिश्रण वितळले तर ते लस्सी म्हणून पिऊन टाकणे शहाणपणाचे. वितळून कोमट झालेले पुन्हा गोठवू नये. गोठवल्याने जिवाणू मरत नाहीत, केवळ त्यांची वाढ थांबते. हे दह्यातील उपकारक जिवाणूंना लागू आहे तसेच बाहेरून शिरलेल्या रोगजंतूंनाही. दूध न उकळता विरजण्याचा प्रकार याच कारणाने टाळावा.

आहारविषयक मते

आयुर्वेदात दह्याच्या सेवनावर निर्बंध सांगितलेले आहेत. चरकसंहितेत शरद, ग्रीष्म आणि वसंत या ऋतूंत दही बहुधा निंद्य मानले असून रात्री दही खाण्यासही निषेध आहे. आंबट फळे व दूध एकत्र घेणे हा विरुद्धाहार समजला जातो. प्रत्यक्षात मराठवाड्यात उन्हाळ्यात दही-ताकाचा वापर सर्वाधिक होतो. ताकाला शास्त्राने दिलेला मान लोकांनी दह्यालाही देऊन टाकला, असेच म्हणावे लागेल. परंपरेने वागणाऱ्या घरांत हा पदार्थ दुपारी करतात, रात्री वाढत नाहीत.

'दह्याचे म्हणून हलके' हा समज अर्धाच खरा आहे. चक्क्यातील दुग्धशर्करेचा बराच भाग निवळीबरोबर निघून जातो. त्यामुळे दूध न पचणाऱ्यांना तो तुलनेने सोसतो. साखर मात्र आइस्क्रीमपेक्षा कमी नसते, किंबहुना आंबटपणा झाकण्यासाठी थोडी अधिकच पडते. मधुमेही व्यक्तीने याला पथ्याचा पदार्थ समजू नये.

साठवण आणि वाढप

घट्ट झाकणाच्या डब्यात, पृष्ठभागाला चिकटेल असा बटर पेपर लावून ठेवल्यास हा पदार्थ आठ-दहा दिवस चांगला राहतो. त्यानंतर स्फटिक वाढू लागतात आणि सालीचा सुगंध उतरतो. वाढण्यापूर्वी डबा दहा मिनिटे फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवावा. मे महिन्यात तो ओट्यावर ठेवल्यास कडा वितळतात आणि मध्य तसाच घट्ट राहतो. पोळीबरोबर खाण्याचा हा पदार्थ नाही, तरी श्रीखंडाच्या सवयीने तो पुरीबरोबर मागितला जातो. लहान वाट्या आधी फ्रीझरमध्ये गार करून त्यांत दोन चमचे वाढतात आणि वर मोसंबीच्या सोललेल्या फोडी किंवा सालीचा ताजा किस घालतात.